पुढे दुपार, मागे संध्याकाळ

माझ्या जिभेला हाड नाही, असं बायको लग्नाच्या दुसऱ्या महिन्यापासून सांगत आली आहे. मी म्हणायचो, जिभेला हाड कुणालाच नसतं, डॉक्टरला विचार. असा मी. शब्दाला शब्द भिडवल्याशिवाय मला चैन पडत नाही, आणि समोरचा गप्प झाला की वाटतं, आपण जिंकलो. आता जे सांगणार आहे त्याची मला लाज वाटते. न सांगता पोटात ठेवलं तर जास्तच वाटते, म्हणून सांगतो.

मी गाड्यांचं इलेक्ट्रिकचं काम करतो. वायरिंग, दिवे, सेन्सर, कॅमेरे. बावीस वर्षं झाली. काम करता करता ते गिऱ्हाइकाला समजावून सांगायची मला खोड आहे, म्हणून लोक मला पाठीमागे प्रोफेसर म्हणतात. तोंडावर म्हटलं असतं तरी चाललं असतं. खरं सांगायचं तर आवडलंच असतं.

सासऱ्यांना मी मामा म्हणतो. मामांनी एकतीस वर्षं शाळेची बस चालवली. एकतीस वर्षांत बसला एक ओरखडा नाही की एका पोराला खरचटलं नाही. हे ते स्वतः कधी सांगत नाहीत, सासूबाई सांगतात, आणि दर वेळी सांगतात. निवृत्त झाल्यावर मामांनी एक वापरलेली पण वरच्या मॉडेलची गाडी घेतली. सासूबाईंच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं होतं, आठवड्यातून तीनदा त्यांना दवाखान्यात व्यायामाला न्यावं लागायचं. मामा न्यायचे, तासभर बाहेरच्या बाकावर बसायचे, परत आणायचे. "एवढी वर्षं लोकांची पोरं नेली, आता बायकोला नेतो," म्हणायचे, आणि खूश असायचे.

त्या गाडीत आपोआप गडद होणारा आरसा होता. मामांना त्याचं फार कौतुक. बसमध्ये त्यांनी जन्मभर मागच्या गाड्यांचे दिवे डोळ्यांवर झेलले होते. हा आरसा स्वतःच कसा काय काळा होतो, असं त्यांनी विचारलं आणि मला काय, तेवढंच हवं होतं. मी त्यांना गाडीत बसवून अर्धा तास शिकवलं.

"मामा, ही एक काच नाही, दोन आहेत. मध्ये जेलचा पातळ थर. आणि आरशाला दोन डोळे आहेत. एक पाठीवर, तो पुढच्या काचेतून बाहेर बघतो. त्याचं काम एकच, बाहेर दिवस आहे की रात्र ते सांगायचं. दुसरा तुमच्या तोंडासमोर, तो मागून येणारा उजेड बघतो. पुढचा म्हणाला अंधार आहे, आणि मागचा म्हणाला डोळ्यांवर उजेड येतोय, की त्या थरात किंचित करंट सुटतो. थर गडद होतो. उजेड गेला की करंट बंद, आरसा लख्ख."

"आणि दिवसा?"

"दिवसा पुढचा डोळा म्हणतो, ऊन पडलंय, गप्प बसा. मग मागून कितीही उजेड येऊ दे, आरसा हलत नाही. आणि रिव्हर्स गियर टाकलात तर काही झालं तरी लख्खच राहतो, कारण मागे जाताना नीट दिसायला पाहिजे."

"बुद्धिवान माणसाचं काम आहे," मामा म्हणाले. त्यांनी आरसा बनवणाऱ्याला म्हटलं होतं, पण ते मीच घेतलं.

त्याच दिवशी मी त्यांच्या गाडीत कॅमेरा बसवला. पुढचा रस्ता टिपणारा, हल्ली सगळेच बसवतात तसा. माझी भेट म्हणून. इतर फिटर कॅमेरा काचेच्या कोपऱ्यात कुठेतरी चिकटवतात, वायर लोंबते, गाडीची शोभा जाते. माझी पद्धत वेगळी. मी कॅमेरा आरशाच्या बरोबर पाठीमागे, त्याला अगदी खेटून बसवतो, मध्ये काळ्या फोमचा तुकडा, म्हणजे खडखड होत नाही. आत बसलेल्याला कॅमेरा आहे हे कळतसुद्धा नाही. मला त्या कसबाचा अभिमान होता.

आठवड्याभरात मामांचा फोन आला. "जावईबापू, आरसा दिवसा काळा पडतोय."

"दिवसा नाही पडत, मामा."

"पडतोय हो. पुढे दुपार असते आणि मागे संध्याकाळ."

मी हसलो. गाडी घेऊन या म्हटलं. ते आले. माझी शेड लांबट आहे, गाडी पाठ भिंतीला लावून उभी राहते, आत जेमतेम उजेड. आरसा स्वच्छ होता. मी खिशातली टॉर्च काढून आरशाच्या डोळ्यावर मारली, आरसा गडद झाला. बंद केली, लख्ख झाला. "बघा. ठणठणीत आहे," मी म्हणालो. शेडमधल्या अंधारात तो गडद व्हायलाच हवा होता. उन्हात तो गडद व्हायला नको, हे बघायचं होतं, आणि त्यासाठी गाडी फक्त रस्त्यावर काढायची होती. दोन मिनिटांचं काम. मी केलं नाही. समोर दुसरी गाडी उभी होती आणि मला वाटलं, म्हातारा माणूस आहे, काहीतरी वाटलं असेल.

त्यानंतर मामांनी आणखी दोनदा सांगितलं. तिसऱ्यांदा त्यांच्या घरी, जेवताना, सगळ्यांसमोर. मी, बायको, सासूबाई. मामा म्हणाले, "मला मागचं नीट दिसत नाही त्या आरशात." आणि मी घास तोंडात असतानाच बोलून गेलो, "नाचता येईना अंगण वाकडं, मामा! आरसा नाही, नजर तपासा."

बायको हसली. सासूबाईंनाही हसू आलं, त्यांनी पदर तोंडाला लावला. मामा पण हसले थोडेसे. मग पाणी प्यायले. पुन्हा त्यांनी आरशाचा विषय काढला नाही. मला वाटलं, जिंकलो.

पंधरा दिवसांनी, सासूबाईंना दवाखान्यातून परत आणताना, मामांनी गाडी बाजूला घेतली आणि मागून येणारी मोटरसायकल त्यांना दिसली नाही. राखाडी मोटरसायकल, राखाडी कपड्यातला माणूस. तो पडला. कोपर सोलवटलं, बाकी काही नाही. मामांनीच त्याला उचललं, मलमपट्टी करून आणली, घरी पोचवलं. त्या माणसाने काही तक्रार केली नाही. पण मामा घरी येऊन खुर्चीत बसले ते संध्याकाळपर्यंत उठले नाहीत, असं सासूबाईंनी फोनवर सांगितलं.

मग डोळ्यांचा डॉक्टर झाला. डॉक्टर म्हणाला, या वयाला याहून चांगले डोळे मी पाहिले नाहीत. ही आनंदाची गोष्ट होती की नाही? पण आमच्या घरात उलटंच झालं. त्या दिवशी स्वयंपाकघरात बायको हळूच म्हणाली, "अहो, डोळे चांगले आहेत, मग बाबा तसं का म्हणतात? मागे संध्याकाळ असते म्हणे. हे काय बोलणं झालं?"

मी कपाळावर बोट टेकवलं. "मग वरच्या मजल्यावर बघायला लागेल," मी म्हणालो.

हे मी म्हणालो. दुसऱ्या कुणी नाही. आरशाला पाठीवर डोळा असतो हे त्या स्वयंपाकघरात फक्त मला माहीत होतं, आणि मीच बोट कपाळावर टेकवलं. बायकोला गाड्यांतलं काही कळत नाही, तिने माझ्या शब्दावर विश्वास ठेवला. दुसऱ्या दिवशी ती वडिलांसमोर उभी राहिली आणि हात पुढे केला. "बाबा, किल्ली द्या. कुणाच्या जिवावर बेतायला नको." मला वाटलं होतं मामा चिडतील. त्यांनी खिशातून किल्ली काढली आणि तिच्या हातावर ठेवली.

पुढच्या दीड महिन्यात काय काय झालं ते मला तुकड्यातुकड्याने कळत गेलं. सासूबाईंचा व्यायाम आठवड्यातून तीनदाचा एकदावर आला. भाड्याची गाडी वेळेवर येत नसे, आली तर ड्रायव्हर त्यांना चढायला हात देत नसे. गुडघा परत आखडला. आणि मामा कागदाच्या चिठ्ठ्या लिहायला लागले. गॅस बंद केला. नळ बंद केला. दाराला कुलूप लावलं, वेळ दहा वीस. चिठ्ठ्या खिशात घेऊन फिरायचे आणि मधूनच काढून वाचायचे. बायको रडायची. म्हणायची, किती झपाट्याने वाढतोय हो बाबांचा आजार. मी तिच्या पाठीवर हात फिरवायचो.

शेवटी गाडी विकायचं ठरलं. माझ्याच ओळखीचा एक दातांचा डॉक्टर घ्यायला तयार होता. एका सकाळी अकराच्या सुमाराला मी गाडी त्याला दाखवायला निघालो. त्या गाडीच्या ड्रायव्हरच्या सीटवर मी रस्त्यावर पहिल्यांदाच बसलो होतो.

मोठ्या रस्त्याला लागलो आणि सवयीने आरशात पाहिलं. मागे संध्याकाळ झाली होती.

रणरणतं ऊन होतं. पुढे सगळं लखलखत होतं आणि आरशात हिरवट काळोख, त्यात मागच्या गाड्या नुसत्या सावल्या. मी आरसा बाहीने पुसला. चष्मा काढून पुन्हा लावला. एक क्षण मनात आलं, मलाही झालं की काय! मग गाडी कडेला घेतली. रिव्हर्स टाकला, आरसा लख्ख. रिव्हर्स काढला, संध्याकाळ. पुन्हा टाकला, पुन्हा काढला. मी हात आरशाच्या पाठीमागे घातला. माझा कॅमेरा. माझा काळा फोम. त्याच्याखाली मसुराच्या दाण्याएवढं भोक, आरशाचा पुढचा डोळा, चपखल झाकलेला. त्या बिचाऱ्याला तीन महिने अखंड रात्र दिसत होती. आणि मागच्या डोळ्याला उजेड दिसत होता. दोघांनी मिळून जे करायचं तेच केलं होतं.

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. हे नुसतं बोलायची पद्धत म्हणून सांगत नाही. मी स्टिअरिंगवर डोकं टेकून बसलो. बाजूने जाणाऱ्या एका बाईने काचेवर टकटक करून विचारलं, बरं वाटत नाही का. मी म्हटलं, पाणी कमी प्यायलो. तिथेसुद्धा खोटं बोललो.

आणि त्याहून वाईट पुढे आहे. मी फोम काढला, कॅमेरा चार बोटं खाली सरकवला, आरसा स्वच्छ झाला, आणि माझ्या डोक्यात पहिला विचार काय आला? की हे कुणाला कळायची गरज नाही. दातांच्या डॉक्टरला फोन करून सांगितलं, विकायचं रद्द. मग सरळ मामांकडे गेलो. दारातूनच मोठ्या आवाजात म्हणालो, "मामा, आरशातच बिघाड होता! आजच सापडला. आतल्या सर्किटचा दोष, कंपन्या हल्ली काहीही माल देतात. मी काढला दुरुस्त करून. घ्या किल्ली."

सासूबाई भिंतीला धरून उठल्या. "बघा! मी म्हणत नव्हते?" त्या काहीच म्हणत नव्हत्या, पण असू दे.

मामा खुर्चीतून हलले नाहीत. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, आणि इतक्या मायेने पाहिलं की मला तिथून पळून जावंसं वाटलं.

"जावईबापू, बसा," ते म्हणाले. "लेकीने पाठवलं ना तुम्हाला? बाबांचं मन राखा म्हणाली असेल."

"नाही मामा, खरंच—"

"तुम्ही स्वतः तपासला होता तो आरसा. तुमच्यासारखा माणूस चुकेल होय? मला बरं वाटावं म्हणून बोलताय. मला कळतं अजून तेवढं." त्यांनी माझ्या गुडघ्यावर थोपटलं. "मन मोठं आहे तुमचं. पण किल्ली ठेवा. काल मी वाचायचा चष्मा कपाळावर ठेवून घरभर शोधला. तुम्हीच आधी ओळखलंत माझं."

चष्मा कपाळावर ठेवून मी दर आठवड्याला शोधतो. सासूबाईंनी चहा आणून दिला तो मी प्यायलो. माझ्या चुकीबद्दल मी त्या घरात कौतुक करून घेतलं आणि वर चहा पिऊन निघालो. बेशरमपणा म्हणतात तो याहून वेगळा नसावा.

घरी बायकोला सांगितलं. सगळं, फोमपासून चहापर्यंत. मला वाटलं होतं ती घर डोक्यावर घेईल. ती पोळपाटाजवळ उभी होती, तिने हात धुतले, पुसले आणि खूप वेळ पुसतच राहिली.

"मी हात पुढे केला होता," ती म्हणाली. "किल्लीसाठी. बाबांसमोर."

"तुझी चूक नाही. मी सांगितलं म्हणून—"

"तुम्ही गप्प बसा हो एकदा," ती म्हणाली. मी गप्प बसलो. थोड्या वेळाने तीच म्हणाली, "उद्या दोघं जाऊ. उन्हात दाखवा त्यांना. आणि थट्टा केली होतीत सगळ्यांसमोर, तर सांगा पण सगळ्यांसमोर."

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही गेलो. मामांना मी जवळजवळ हाताला धरूनच खाली आणलं. गाडी उन्हात उभी केली, पाठ मोकळ्या रस्त्याकडे. त्यांना ड्रायव्हरच्या सीटवर बसवलं, इंजिन चालू केलं. बायको आणि सासूबाई दाराशी उभ्या. मी म्हणालो, "मामा, आरशात बघा." स्वच्छ होता. मग मी कॅमेरा सोडवला, फोम लावला, आणि तीन महिन्यांपूर्वी बसवला होता तसाच्या तसा परत बसवला.

आरशात हळूहळू संध्याकाळ झाली. मामांचे हात मांडीवर होते, ते तिथेच राहिले.

"हीच का?" मी विचारलं.

"हीच," ते म्हणाले.

"मामा, हे मी केलं. कंपनीने नाही. मी माझ्या हाताने त्याचा डोळा झाकला. तुम्ही पहिल्या आठवड्यात सांगितलंत, मी टॉर्च मारून मोकळा झालो. रस्त्यावर काढून बघितलंच नाही. मग जेवताना तुमची थट्टा केली. आणि तुमचं डोकं चालत नाही असं तुमच्या लेकीला मीच सांगितलं. तुम्हाला काहीही झालेलं नाही. काल मी खोटं बोललो, माझी लाज वाचवायला. तुमचं मन राखायला नाही."

एवढं लांब मी आयुष्यात अनेकदा बोललो आहे, पण स्वतःच्या विरुद्ध पहिल्यांदाच. बायको रडत होती. सासूबाई माझ्याकडे अशा बघत होत्या की त्यापेक्षा त्यांनी चार शिव्या घातल्या असत्या तर बरं झालं असतं.

मामा आरशाकडेच बघत होते. "म्हणजे पुढचा डोळा झाकला गेला, म्हणून त्याला रात्र वाटली," ते म्हणाले.

"हो."

"तुम्ही मला शिकवलं होतंत ते. दोन डोळे. मला ते कळलं होतं. पण मला वाटलं, मला कळण्यासारखं असतं तर तुम्हाला आधी कळलं असतं." मग ते माझ्याकडे वळले. "दीड महिना झाला जावईबापू, मी आंघोळीला जाताना दार लावलं की नाही ते तीन-तीनदा बघतोय. लेकीचं नाव विसरेन म्हणून पहाटे उठून घोकतोय."

मी पाय धरायला वाकलो. त्यांनी धरू दिले नाहीत. "राहू दे. कॅमेरा नीट लावा आधी," म्हणाले. माझ्या हातून स्क्रू दोनदा पडला.

त्या दिवशी सासूबाईंच्या व्यायामाचा वार होता. बायकोने गाडीला लावलेल्या किल्लीकडे बोट केलं आणि म्हणाली, "बाबा, तुम्हीच न्या आईला." मामांनी पट्टा लावला. सीट पुढे घेतली, बाजूचे आरसे लावले, मधला आरसा दोन बोटांनी किंचित फिरवला, एकतीस वर्षं रोज सकाळी केलं असेल तसं. मायलेकी मागे बसल्या. मी पुढे, मामांच्या शेजारी. मला इतकं हलकं वाटलं की मी खिडकी उघडून वारा घेतला. मनात म्हटलं, सुटलो बाबा.

गाडी सरळ रस्त्याने छान गेली. पहिल्या वळणाशी मामांनी वेग कमी केला, इंडिकेटर दिला, आरशात पाहिलं. आणि थांबले.

"मागून येतंय का कोणी?" त्यांनी विचारलं.

"मामा, आरसा स्वच्छ आहे. बघा ना."

"दिसतंय मला. रस्ता मोकळा आहे, लांबवर एक पांढरी गाडी आहे." त्यांचे दोन्ही हात स्टिअरिंगवर घट्ट होते. "पण तुम्ही एकदा वळून सांगा."

मी सीटवर अख्खा वळलो. मागच्या सीटवर बायको खाली मान घालून बसली होती. तिच्या डोक्यावरून मी काचेबाहेर पाहिलं. रस्ता मोकळा होता, लांबवर एक पांढरी गाडी होती.

"मोकळा आहे, मामा," मी म्हणालो.

मग त्यांनी गाडी वळवली. पुढच्या वळणाला त्यांनी पुन्हा विचारलं.